गेटवरचे चाचा आणि बायकोच्या वाट्याची सुई

घोडा दिसला की त्याला सलाम केल्याशिवाय ज्याचं पाऊल पुढं पडत नाही, असा माणूस साऱ्या मराठवाड्यात एकच होऊन गेला आणि तो वाळूजला आमच्या कंपनीच्या गेटवर खाकी कोट घालून स्टुलावर बसायचा. त्यांना सगळे चाचा म्हणायचे. शेठ चाचा म्हणायचे आणि शेठचे वडीलही चाचाच म्हणायचे, जे वयानं चाचांपेक्षा चांगले दहा वर्षांनी मोठे होते. एकदा लग्नसराईत मी त्यांच्याबरोबर क्रांती चौकातून चाललो होतो. समोरून वरात आली. बँडवाले घामाघूम, नवरदेव फेट्याखाली अर्धा झाकलेला, घोडी बिचारी पेंगुळलेली. चाचांनी रस्त्याच्या मधोमध हात आडवा केला आणि वरात थांबली. त्यांनी आधी घोडीला सलाम केला, मग कोटाच्या खिशातून भिजवलेले चणे काढून तिच्या तोंडाशी धरले, आणि ती खात असताना तिच्या पोटाखाली वाकून बघितलं. "पट्टा टोचतोय बेचारीला," म्हणाले आणि पट्टा दोन घरं सैल केला. नवरदेव डावीकडं कलंडला. त्याचे मामा धावत आले. "ओ, तुम्ही कोण?" चाचा शांतपणे म्हणाले, "मी कोणी नाय. यांच्या खानदानाशी आपली जुनी ओळख आहे. मामासाहेब, तुमच्या वडलांना कधी खिळा लागला आसंल, तेव्हा दवाखान्यात जी सुई टोचली आसंल, ती यांच्या कुणा आजोबाच्या रक्तातली होती. सलाम करा." मामांना वाटलं, हा कुणी अवलिया दिसतोय. त्यांनी स्वतः चाचांना नमस्कार केला आणि नवरदेवालाही वाकायला लावलं. पट्टा आधीच सैल असल्यामुळं नवरदेव वाकला तो सरळ खालीच आला.

माझी आणि चाचांची गाठ पडली तेव्हा शहराला सगळे औरंगाबाद म्हणायचे आणि मी विशीतला होतो. मी सातवीनंतर शाळा सोडली. त्यामुळं नापास व्हायची भीती तेवढी माझ्या आयुष्यातून गेली, बाकी सगळ्या भीत्या जागच्या जागी राहिल्या. किनवटच्या पलीकडं डोंगरात आमचं गाव. तिथून एका पिशवीत दोन कपडे आणि मायनं दिलेलं तिळाचं कूट घेऊन मी वाळूजला आलो. एस.टी. चुकंल, पत्ता चुकंल, मशीनमध्ये हात जाईल, साहेबानं काही विचारलं तर बोबडी वळंल, असं माझं दिवसभर चालायचं. बजाजनगरात चौघांत एक खोली होती. तिला कुलूप लावून निघालो की मी अर्ध्या रस्त्यातून परत येऊन कुलूप ओढून बघायचो. अशा माणसाला पहिल्या दिवशी भेटावेत कोण, तर चाचा.

आमची कंपनी म्हणजे पत्र्याचे भाग दाबून काढणारं वर्कशॉप. आत जायला पास लागायचा, पण चाचांनी पासाकडं कधी पाहिलं नाही. "पास खोटा निघतो, नाक खोटं निघत नाय," हा त्यांचा कायदा. नवा माणूस आला की ते त्याला बाहेर उभा करून चांगली दहा मिनिटं न्याहाळत. समोरून बघत, एका बाजूनं बघत, मागं जाऊन मान बघत. मला म्हणाले, "चलके बता." मी चाललो. "दात बता." मी दात दाखवले. मग नाव विचारलं, गाव विचारलं, आणि तिसरा सवाल केला, "धनुर्वाताची सुई शेवटची कब ली?" मला सुईच माहीत नव्हती. त्यांनी लांब श्वास सोडला आणि आपल्याशीच म्हणाले, "बुजरा है. मगर चाल अच्छी है." माणसांची पारख ते घोड्यांच्या मापानं करायचे. आमच्या सुपरवायझरला ते 'ओझ्याचा' म्हणायचे आणि शेठच्या मुलाला 'नुसता सजावटीचा'. पण एकदा चेहरा डोक्यात गेला की गेला. दुसऱ्या दिवशी मी लांबूनच पास काढून हातात धरला, तर ते माझ्याकडं न बघताच म्हणाले, "जा आत, किनवट." पुढं शेठ तिरुपतीला जाऊन डोकं भादरून आले, तेव्हा मात्र चाचांनी त्यांना त्यांच्याच गेटवर दहा मिनिटं थांबवलं. "चेहरा बदललाय शेठ. फिरसे देखना पडेंगा." शेठ उन्हात उभे राहिले. बाजूनंही दिसले.

चाचांचा जन्म शहरातल्या टांगेवाल्याच्या घरातला. निजामाचं राज्य गेलं ती पोलीस ॲक्शन झाली तेव्हा ते शाळकरी होते. मोठे झाल्यावर ते पुण्याकडं एका घोडेखान्यात मोतद्दार, म्हणजे घोड्यांची निगा राखणारे, म्हणून लागले आणि वीस-बावीस वर्षं तिथं राहिले. हा घोडेखाना शर्यतीचा नव्हता, सरकारीही नव्हता. तिथल्या घोड्यांना ना टांगा, ना वरात. त्यांना नुसतं उभं राहून शिकायचं असायचं. धनुर्वाताचं विष एका तिखट वासाच्या पाण्यात कित्येक दिवस उबेला ठेवत. लिंबू मुरलं की त्याचा कडूपणा जातो पण लिंबू लिंबूच राहतं, तसं त्या विषातलं मारक तेवढं निघून जायचं आणि रूप तसंच राहायचं. ते थोडं थोडं घोड्याला टोचायचं. घोड्याचं रक्त त्याला ओळखायला शिकायचं, त्याच्याशी लढणारे शिपाई तयार करायचं. मग घोड्याच्या मानेतून रक्त घ्यायचं, ते बाटलीत ठेवलं की लाल भाग खाली बसायचा आणि वर पिवळं पाणी राहायचं. ते पाणी जखमी माणसाला टोचलं की घोड्याचे शिपाई माणसासाठी लढायचे. चाचा हे सगळं सांगायचे ते घरातल्या पोरांची हुशारी सांगावी तसं. "एक अबलख घोडा होता. रक्त घ्यायला डॉक्टर आला की स्वतःहून मान पुढं करायचा. तुम्ही हजामाकडं तरी एवढी पुढं करता का?"

"पण ते भाड्याचे शिपाई," हेही ते सांगायचे. "तीन-चार हप्ते राहतात, मग निघून जातात. घराची सवय नसते त्यांना. घरचे शिपाई पाहिजेत तर सुई घ्यायची. सुईत शिपाई नसतो, सुईत चोरच असतो, पण दात पाडलेला. तो तुमच्या गेटवर उभा करायचा. पहिल्या टायमाला गेटवाला दहा मिनिटं बघत बसतो, समोरून, बाजूनं. म्हणून एका सुईवर भरवसा नाय. महिन्यानं तोच चोर परत दाखवायचा. आता गेटवाला म्हणतो, हौ, याला बघितलंय. मग खरा चोर दात घेऊन आला की आत पाय टाकायच्या आधी गचांडी." हे ऐकताना मला नेहमी वाटायचं, माझ्या अंगात चाचांसारखेच एक खाकी कोटातले चाचा स्टुलावर बसलेले आहेत. त्या कल्पनेनं मला जरा धीर यायचा.

त्यांचं दुसरं वेड म्हणजे गंजाची वकिली. वर्कशॉपात दिवसाआड कुणाला तरी पत्र्याची कड लागायची. लागली की तो पहिल्यांदा विचारणार, लोखंड गंजलेलं होतं का? गंजलेलं असलं तर पळत दवाखान्यात, चकचकीत असलं तर फडकं बांधून कामावर. चाचांना याचा संताप यायचा. "गंजानं तुमचं काय बिघडवलं? रोग मातीत असतो, लिदीत असतो, शेणात असतो. गंजाच्या खरबुडीत माती अडकून बसते, एवढाच त्याचा कसूर. चकचकीत खिळा शेणातून निघाला तर तो काय गंगेतून आला?" आणि आधी हात धुवायला लावायचे. गेटजवळच्या नळाखाली साबण लावून, तेही त्यांचं समाधान होईपर्यंत. मापही त्यांनी ठरवून दिलेलं होतं. ज्याला लागलंय त्यानं आपल्या गावातल्या घरांची नावं एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत म्हणायची, गाव संपलं की नळ बंद. बिडकीनचा एक ऑपरेटर होता, त्याचं गाव मोठं, त्यामुळं तो पार सुरकुतून निघायचा. माझं गाव तीस उंबऱ्यांचं. "तू दोनदा म्हण," असा मला हुकूम होता. आणि खरं सांगतो, पाण्याखाली रक्त वाहत असताना एकेका घराचं नाव घेतलं की गाव डोळ्यांपुढं यायचं आणि भीती पळायची. एक जण तर ओरखडा आला की सुई घ्यायचा. एका वर्षात त्यानं पाचदा घेतली. चाचांनी त्याला गेटवर थांबवलं, पाय वर उचलायला लावला, तळवा पाहिला आणि म्हणाले, "आता याला नाल ठोका."

असं सगळं हसतखेळत चाललं होतं. मग माझं लग्न झालं, मी वेगळी खोली घेतली आणि वर्षभरात कांताला, म्हणजे माझ्या बायकोला, दिवस गेले.

आता माझ्या भीतीला खरं काम मिळालं. आमच्या मायची दोन मुलं माझ्या आधी गेली होती. पाच दिवस नीट प्यायली, सहाव्या दिवशी तोंडच उघडंना, अंग लाकडासारखं, आणि आठवा दिवस बघितला नाही. गावात म्हणायचे, सटवीनं कपाळावर एवढंच लिहिलं होतं. मी हे लहानपणापासून ऐकत आलेलो, पण चाचांनी पहिल्यांदा मला विचारलं, "नाळ कशानं कापली होती?" मी म्हणालो, विळ्यानं. "वर काय लावलं?" शेण. चाचांनी बोटांवर महिने मोजले. मग म्हणाले, "बहूला दोन सुया दे. एक आत्ता, एक महिन्यानं. आईच्या अंगात शिपाई तयार झाले की पोटातल्या लेकराकडं आपोआप जातात. जन्माला येतं तेच पहारा घेऊन येतं."

पाचव्या महिन्यात कांतानं बजाजनगरात पहिली सुई घेतली. दंड दुखला, जरा सुजला, रात्री कणकण आली. कांताला आई नव्हती, त्यामुळं माहेरचा प्रश्न नव्हता. मायनं निरोप धाडला की पोरीला इकडं पाठव, तिथं तुझ्या खोलीत कोण बघणार. मी तिला गावी पोचवून आलो. आणि दुसऱ्या सुईची तारीख आली तेव्हा कांता तिकडं डोंगरात आणि मी इकडं पत्रा दाबायच्या प्रेसवर. निरोप पाठवला तर मायचं उलट उत्तर आलं, पोटुशी बाईला आता सुई नाय, पहिलीनंच हात फुगला होता.

तेव्हा मी जे केलं ते आज लिहितानाही हात अडखळतो. पण मी तेव्हा नीट विचार करूनच केलं. आमच्याकडं सत्यनारायणाला जोडप्यानं बसावं लागतं. बायको नसली तर नवरा तिच्या जागी पाटावर सुपारी ठेवतो आणि पूजा पुरी होते. उपास तिला झेपत नसला तर तिच्या नावानं नवरा धरतो. देवाला जे चालतं ते दवाखान्याला का चालू नये? मी त्याच तारखेला, आंघोळ करून, धुतलेला सदरा घालून दवाखान्यात गेलो. कंपाउंडरनं विचारलं, "कुठं लागलं?" मी बोटावरचा जुना ओरखडा दाखवला. त्यानं सुई टोचली. टोचताना मी डोळे मिटून मनात म्हणालो, ही कांताच्या वाट्याची. बाहेर आलो तेव्हा डोक्यावरचं ओझं उतरल्यासारखं वाटत होतं. दंडही दुखत होता, म्हणजे लागू पडली असणार.

मी सरळ गेटवर गेलो. "चाचा, दुसरी सुई झाली."

"बहू आली होती?"

"नाही. मीच घेतली. तिच्या नावानं."

चाचा स्टुलावरून उठले. परत बसले. त्यांनी टोपी काढून गुडघ्यावर ठेवली आणि हसायला लागले. आवाज न होता हसायचे ते, नुसते खांदे हलायचे. हसता हसता डोळ्यांतून पाणी आलं. "मियाँ, बीवीच्या बदल्यात तू बाळंत पण होणार का? सांग, सुट्टी लिहून ठेवतो." मी सुपारीचं सांगितलं. त्यावर ते आणखी हसले. मग माझं तोंड पाहून एकाएकी थांबले. मी गेटचा गज धरून उभा होतो. मला तेव्हा कळलं होतं, आणि कळलं तसं त्या विळ्याचं पातंच डोळ्यांपुढं आलं होतं. घरात विळा तोच होता. भिंतीला तिथंच खोचलेला.

"बस," ते म्हणाले. आपलं स्टूल त्यांनी कधी कुणाला दिलं नव्हतं, ते मला दिलं. "ऐक. तुझा उपास तिला लागू होईल, माझी नमाज तुला नाय होणार, आणि सुई तर कोणाचीच कोणाला नाय होत. जिसका दंड, उसका पहारा. फक्त दोन ठिकाणी ही चीज एका अंगातून दुसऱ्या अंगात जाते. घोड्याकडून माणसाला जाते, ती मी बघितली. आणि आईकडून लेकराला जाते. नवरा यात कुठंच नाय बेटा. नवऱ्याचं काम एकच. बायकोला घेऊन जायचं." मग आभाळाकडं पाहून हिशेब केल्यासारखं करत म्हणाले, "अजून तीन महिने आहेत ना? वेळ आहे. शनिवारी निघू."

"निघू म्हणजे?"

"तेरी माँ तेरा सुनेंगी क्या?"

चाचांनी तोवर एकदाही रजा घेतली नव्हती. त्यांनी चार दिवस मागितले तेव्हा शेठला वाटलं, घरात कुणी गेलं. गेटवर बिडकीनवाल्याला बसवलं आणि त्या चार दिवसांत कंपनीत अगरबत्तीवाले दोन, विमावाला एक आणि एक म्हैस येऊन गेली. आम्ही एस.टी.नं नांदेड, तिथून किनवट, मग जीप, मग दोन कोस पायी. वाटेत एक तट्टू भेटलं, त्याला सलाम झाला. गावात शिरताना चाचांनी, नळाखाली मला म्हणायला लावायचे तशी, तीस घरं मोजली, आणि एक जास्त भरलं तर मला जाब विचारला. नवं घर झालं होतं.

माय ओसरीवर डाळ पाखडत बसली होती. मी चाचांची ओळख करून दिली. तिनं पदर सावरला, पाणी दिलं आणि पुन्हा पाखडायला लागली. कांता दाराआड उभी. चाचांनी घाई केली नाही. शेळ्यांची चौकशी केली, पाऊसपाण्याची केली. मग मायच म्हणाली, "मला ठावं हाय भाऊ तुमी कशापायी आलाव. सुई नाय द्यायची. पोरीचा हात फुगला व्हता."

"फुगणारच," चाचा म्हणाले. "नवा माणूस दारात आला की कुत्रं भुंकतं. भुंकलं म्हणजे कुत्रं जागं आहे."

"माजी दोन गेली. तवा कुटं व्हती सुई. नशिबात जेवडं लिवलं तेवडंच."

"कशी गेली?"

मायनं सूप खाली ठेवलं. मला वाटलं आता ही उठून आत जाणार. पण तिनं सांगितलं, एकेका लेकराचं वेगळं. थोरल्याच्या गालावर खळी पडायची, हे मी तेव्हा पहिल्यांदा ऐकलं. "म्याच कापली नाळ," ती म्हणाली. "सासू म्हातारी झालती. म्याच इळा घेतला. लोक सटवीचं नाव घेत्यात. मी घेते. पर मनात येतं भाऊ. माजा हात लागला."

मी घाबरून चाचांकडं पाहिलं. कारण नाळ आणि शेण हे त्यांचे ठरलेले सवाल, आणि गंजाच्या वकिलीत ते समोरच्याचा मुलाहिजा ठेवत नसत. पण चाचांनी टोपी काढली. "बहन, एक सांगतो," म्हणाले, "हे आपण इकडं कोणाला सांगितलं नाय. माझा बाप टांगेवाला. आमचा घोडा होता, पांढरा. एक दिवस नाल निसटली, तिचा खिळा बापाच्या पायात गेला. एवढासा. आठव्या दिवशी बापाचा जबडा बसला, पाठ धनुष्यासारखी वाकली, आणि गेला. मोहल्ला म्हणाला, घोड्यानं मालकाला खाल्लं. माझ्या आईनं घोडा काढून टाकला. त्याला घेऊन जात होते तेव्हा तो मागं वळून बघत होता. मी दहा-बारा वर्षांचा, मी पण त्याला दगड मारला." त्यांनी टोपी गुडघ्यावर ठेवली. "पुढं पुण्याकडं गेलो आणि बघितलं, त्याच बीमारीपासून लोकांना घोडेच वाचवतात. म्हणून जो घोडा दिसेल त्याला सलाम करतो. त्यातला एखादा त्याला जाऊन सांगंल. बहन, कसूर घोड्याचा नव्हता. खिळ्याचा नव्हता. तुमचा हात तर आईचा हात होता, त्याचा कुठला कसूर? मातीत ते असतंच. गेटवर कुणी उभं नव्हतं, एवढंच झालं."

मायनं सूप उचललं, डाळ पाखडायला घेतली, परत ठेवलं. पदरानं तोंड पुसलं. मग म्हणाली, "च्या घेता का भाऊ? साखर हाय, गुळाचा नाय देणार." चाचा म्हणाले, "गुळाचा द्या. घोड्यात राहिलेला माणूस आहे, गूळच चालतो." दाराआड कांता हसली.

सोमवारी बाजार. बाजाराच्या दिवशी उपकेंद्रातल्या सिस्टर बर्फाची पेटी घेऊन यायच्या. माय सगळ्यात पुढं, मागं कांता, मग चाचा, आणि शेवटी मी, जो खरं तर घेऊन जाणार होतो. सुई झाली. सिस्टरनं कार्डावर लिहिलं. मग मायनं आपली चोळीची बाही वर सारली आणि दंड पुढं केला. "मला बी द्या."

सिस्टर म्हणाल्या, "आजी, तुमचं काय आता?"

"इळा माज्याच हातात आसतो," माय म्हणाली.

तो विळा मात्र तिनं बाळंतपणाला वापरला नाही. सिस्टर स्वतः आल्या, नवं पातं उकळून घेतलं, आणि शेण गोठ्यातच राहिलं. मुलगी झाली. ही बातमी किनवटहून फोनवर आली, पण मला तिचा आनंद लगेच करता येईना. चाचाही 'मुबारक' एवढंच म्हणाले. त्यानंतर रोज गेटवर ते मला विचारायचे, "आज कितवा?" मी सांगायचो, चौथा. पाचवा. सहाव्या दिवशी त्यांनी विचारलंच नाही, नुसतं खांद्यावर थोपटलं. मी प्रेसवर काम करत होतो पण प्रत्येक दणक्याला मला वाटायचं फोन वाजला. नवव्या दिवशी दुपारी गेटच्या केबिनमध्ये खरंच वाजला. चाचांनी उचलला, ऐकला, ठेवला, आणि कामाच्या वेळात पहिल्यांदा गेट सोडून आत वर्कशॉपात आले. मशीनच्या आवाजात मला काही ऐकू येईना. तेव्हा त्यांनी ओठांचा चंबू करून बाळ दूध पितं तसं करून दाखवलं. पन्नास-पंचावन्न वर्षांचा मिशीवाला माणूस, खाकी कोटात. सगळे ऑपरेटर काम थांबवून बघत होते.

पेढे मी आणणार होतो, पण चाचांनी आणू दिले नाहीत. "ही खुशी घोड्यांची आहे," म्हणाले, आणि साऱ्या कंपनीला भिजवलेले चणे वाटले. शेठनाही मूठभर दिले. त्यांनी खाल्ले.

चाचा नोकरीतून सुटल्यावर जुन्या शहरात मुलाकडं राहायला गेले. मी जाईन जाईन म्हणत राहिलो. पुढं माझं स्वतःचं घर झालं, मुलीचं शिक्षण, तिचं लग्न, आणि ज्यांच्यामुळं हे सगळं उभं राहिलं त्यांच्याकडं जायला मला वर्षं लागली. याची मला शरम आहे. गेलो तेव्हा ते गल्लीच्या तोंडाशी खुर्ची टाकून बसले होते. मी वाकलो. त्यांनी मला दहा मिनिटं न्याहाळलं. समोरून, मग मान वाकडी करून बाजूनं. "नाव?" मी सांगितलं. "गाव?" सांगितलं. "धनुर्वाताची सुई शेवटची कब ली?" सुनेनं खुणेनं सांगितलं की आता असंच आहे, घरच्यांनाही ओळखत नाहीत. एवढे चेहरे ज्यांनी सांभाळले त्यांच्या गेटवर आता कुणी नव्हतं.

घरी येऊन मी पुढ्यातलं ताट सरकवलं. कांतानं कारण विचारलं आणि ऐकून म्हणाली, "मग एका सुईवर कुठं भागतंय? महिन्यानं परत जा."

महिन्यानं परत गेलो. या वेळी ते म्हणाले, "कुठं तरी बघितलंय." तिसऱ्यांदा गेलो तेव्हा मुलीला घेऊन गेलो. तिला तेव्हा पाचवा महिना होता, आणि दोन दिवसांपूर्वीच तिनं सुई घेतली होती. आता त्याच सुईत आणखी एका रोगाची सोय असते म्हणे. चाचांनी तिच्याकडं पाहिलं, मग माझ्याकडं. मी नेहमीच्या तयारीनं नाव सांगायला तोंड उघडलं. तेवढ्यात त्यांनी हात पुढं करून माझा डावा दंड धरला, बोटानं चाचपत बरोबर ती जागा दाबली आणि म्हणाले, "इसमें इसकी बीवी की सुई है." त्यांचे खांदे हलायला लागले. आवाज न होता.

आता ते नाहीत. क्रांती चौकातून जाताना कधी वरात आडवी येते. मी आजही भित्राच आहे, एवढ्या गर्दीत वेडा दिसायची मला लाज वाटते. तरी घोडी समोर आली की माझा हात कपाळाला जातो. खिशात चणे असतातच. लोक बघतात. नवरदेवाकडचं कुणी विचारतं, कोण तुम्ही? मी म्हणतो, मी कुणी नाही, यांच्या खानदानाशी आमच्या चाचांची ओळख होती. आणि मग, कुणाला ऐकू जाणार नाही असं, घोडीच्या कानाशी सांगतो, बये, वर कधी तो पांढरा भेटलाच तर त्याला म्हणावं, पोरगा दगडाबद्दल माफी मागत होता.